पहिलं घर

“सोंग घेतल्यालं गाव बघतंय, तर उतरवल्यालं बी गावानंच बघाय पायजे,” बसव्वा म्हणाली होती. “ह्या पिच्चरवाल्यांच्या पेटीत नुसतं घेतल्यालं ऱ्हातंय. उतरवायचं कवा, आणि कुनाम्होरं? सासूला तेवढं सांग तुझ्या.”

क्रांतीनं ते हसण्यावारी नेलं. बसव्वा निपाणीकडची, चौकात तिचं किराणा दुकान. गूळ तोलता तोलता गिऱ्हाइकाला चार शब्द वरकड घालायची तिला सवय होती. क्रांती कोल्हापुरात, राजारामपुरीत मामाकडं राहून बी.ए. झालेली. “मावशी, तमाशा नव्हे तो. माहितीपट आहे, शाळेतल्या पोरांना शिकवायचा,” असं तिनं समजुतीच्या सुरात सांगितलं, साबणाची वडी पदरात घेतली आणि घरी आली. सासूला काही बोलली नाही.

राधानगरीकडच्या त्या गावाचं त्या उन्हाळ्यात दूध नासत होतं. सकाळी दूध संघाच्या टेम्पोत चढलेले कॅन दुपारी परत यायचे, वर खडूनं फुली मारलेली. गावच्या दूध संस्थेमागच्या ओढ्यात दूध ओतायचे. पहिल्या पहिल्यांदा कुत्री धावली, मग त्यांनीही तोंड लावायचं सोडलं. आंबूस वास चावडीपर्यंत यायचा. टेम्पो फाट्यावरच्या हॉटेलापुढं उन्हात थांबून राहतो, हे गावात सगळ्यांना माहीत होतं. टेम्पो संस्थेचा चेअरमन पिराजी, त्याच्या मेव्हण्याचा आहे, हेही सगळ्यांना माहीत होतं. त्यामुळं दोष बायकांच्या हातात आहे, असं ठरलं.

संघानं त्यावर माहितीपट काढायला दिला. स्वच्छ दूध कसं काढावं, हे शाळाशाळांतून पोरांना दाखवायचं आणि पोरांनी घरी जाऊन आयांना शिकवायचं. मोठ्यांना तोंडावर सांगायची धमक नसली की माणसं पोरं शिकवायला घेतात. ज्या गावात चित्रण होईल, तिथल्या शाळेला रंगीत टीव्ही आणि व्हीसीआर मिळणार होता. हेडमास्तर जोतीराम गुरुजींनी टीव्हीचं खोकंसुद्धा अजून बघितलं नव्हतं, पण त्यावर घालायचं झालरीचं कापड त्यांनी शिंप्याकडं टाकलं होतं.

घरं दोन लागणार होती. एक चुकीचं, एक बरोबर. बरोबर घर पिराजीचं, ते बोलायचीही गरज नव्हती. त्याचा गोठा नवा, फरशीचा. चुकीचं घर व्हायला मात्र कुणी तयार होईना. गुरुजी वरच्या आळीला फिरले, खालच्या आळीला फिरले. एका म्हातारीनं तर त्यांच्या अंगावर पाण्याचा तांब्या फेकला. मग ते शालूबाईच्या सोप्यात येऊन बसले.

शालूबाई म्हणजे क्रांतीची सासू. उंच, हाडापेरानं रुंद, बोलणं मोजकं. ती धार काढायला बसली की चरवीतला आवाज शेजारच्या घरात ऐकू जायचा. कुणाची म्हैस पान्हा चोरायला लागली की तिला बोलावणं यायचं. ती जायची, म्हशीच्या पाठीवरून हात फिरवायची, कासेला हात लावायची आणि म्हैस पान्हा सोडायची. त्याबद्दल तिनं कधी कुणाकडून पसाभर शेंगासुद्धा घेतल्या नाहीत. त्या घराला गावात एकच मान होता. दिवाळीच्या पाडव्याला म्हशी रंगवून, शिंगांना मोरपिसं बांधून गावातून पळवत नेतात, तेव्हा सगळ्यांच्या पुढं शालूबाईची चंद्री. दावं नाही, काठी नाही. नुसत्या हाकेवर चंद्री तिच्या मागून धावायची आणि मग बाकीचं गाव हलायचं. नवरा गेल्यावर हा मान भावकीतल्या कुण्या पुरुषाकडं जाईल असं लोकांना वाटलं होतं. शालूबाई पदर खोचून स्वतः पुढं पळाली होती. एवढं एक सोडलं, तर तिनं गावाकडं काही मागितलं नव्हतं.

गुरुजींना हे ठाऊक होतं.

“दोन घरं घ्यायची हाईत, आक्का. त्यात पहिलं घर तुमचं,” ते म्हणाले. “पाडव्याला गाव तुमच्या म्हशीकडं पहिलं बघतंय. मग पिच्चरमधी दुसऱ्या कुनाला म्होरं घालू?”

दुसऱ्या घरात काय असेल ते त्यांनी सांगितलं नाही. शालूबाईनंही विचारलं नाही. पहिला मान घरी चालून आल्यावर दुसरा कुणाचा, हे विचारायची त्या घरात रीत नव्हती. धैर्यशील, म्हणजे क्रांतीचा नवरा, संस्थेत फॅट काढायला, म्हणजे दूध तपासायला, होता. त्याला सगळं माहीत होतं. तो गुरुजींना चहा देऊन परड्यात निघून गेला आणि ते उठून जाईपर्यंत आला नाही.

दुसऱ्या दिवसापासून शालूबाईनं गोठा काढायला घेतला. दावणीखालची भिजकी माती खणून टाकली, वर मुरूम घातला, चोपण्यानं बडवून बडवून पाटासारखा केला. भिंतींना पांढरी माती. चरव्या चिंचेनं घासून उन्हात पालथ्या मांडल्या. चंद्रीला ओढ्यावर नेऊन नारळाच्या शेंडीनं रगडलं, शिंगांना तेल लावलं. क्रांती पाणी ओढून देत होती आणि अधूनमधून सासूच्या घोट्यांकडं बघत होती. घोटे सुजले होते. ती म्हणाली, राहू द्या आता, पुरे. शालूबाई म्हणाली, “दहा शाळंतली पोरं बघायची हाईत. घर दिसाय नगो व्हय?”

चित्रणाच्या दिवशी ती पहाटेच नाहून हिरवं इरकली लुगडं नेसून बसली.

जीपमधून उतरलेल्या पोराचं नाव अमरेश. तोच दिग्दर्शक. कोल्हापुरातला, खिसेच खिसे असलेलं जाकीट घातलेला. त्यानं गोठ्याच्या तोंडाशी उभं राहून आत बघितलं आणि त्याचा चेहरा पडला. गुरुजींना बाजूला घेऊन तो कुजबुजला. गुरुजी हसले. मग गुरुजींनी पिराजीच्या गड्याला, ज्ञानूला, हाक मारली आणि उकिरड्यावरून शेणाच्या पाट्या आणायला सांगितल्या.

दोन दिवस बडवलेल्या जमिनीवर ज्ञानूनं शेण पसरलं. पहिली पाटी टाकताना तो शालूबाईकडं बघत होता. दुसऱ्या पाटीपासून त्यानं बघायचं सोडलं. पाणी ओतून चिखल केला. घासलेल्या चरव्या उचलून बाजूला ठेवल्या आणि अमरेशनं जीपमधून एक फुटकी प्लॅस्टिकची बादली काढली. ती त्यानं सोबतच आणली होती. आपल्याला काय सापडायला हवं, हे तो कोल्हापुरातूनच ठरवून निघाला होता.

शालूबाई खांबाला धरून उभी होती. “गुरुजी, ह्ये काय चाललंय?” तिनं विचारलं.

गुरुजींनी तेव्हा सांगितलं. पोरांना आधी चूक दाखवायची, मग बरोबर. आणि वर म्हणाले, “चूक करून दाखवायची म्हंजे येरागबाळ्याचं काम न्हवं, आक्का. ज्याला बरोबर येतंय, त्यालाच चूक करून दाखवता येती. गावात तुमच्याशिवाय हाय कोन? आणि मागनं तुम्ही खरी धार कशी काढताय ते बी घेनारच की.”

लबाड माणसाला खरं बोलता येत नाही असं थोडंच आहे. त्यातलं पहिलं वाक्य तर अगदी खरं होतं. शालूबाईनं मुलाकडं बघितलं. धैर्यशील वायरीचं भेंडोळं सोडवत होता. मग ती आत गेली, इरकली सोडलं आणि शेतातलं जुनेर नेसून आली.

तेजूला, आपल्या दुसरीत जायच्या लेकीला, क्रांतीनं कमरेशी धरून ठेवलं होतं. ओल्या चिखलातून दिव्यांच्या वायरी गेलेल्या, पोर तिकडं जाईल ह्या धास्तीनं तिचं निम्मं लक्ष तिथं. उरलेल्या निम्म्यानं ती बघत होती. अमरेश सांगत होता, तशी शालूबाई करत होती. कास न धुता बसली. बोटं दुधात बुडवून सडाला लावली. अंगठा मुडपून ओढलं. म्हशीला असली ओढ माहीत नव्हती, तिनं लाथ झाडली. अमरेशला ते फार आवडलं. त्यानं पुन्हा करायला लावलं. मग डबीतून मिश्री काढून म्हणाला, धार काढता काढता ही लावा.

“म्या न्हाय लावत, पाव्हणं.”

“नुसतं बोट फिरवा आजी. काळं दिसलं की झालं.”

तिनं बोट फिरवलं. दाताला काळं लागलं. जवळून घेतो म्हणून त्यानं ती कॅमेऱ्याची काळी पेटी तिच्या तोंडापाशी नेली. आधीच ऊन, वर आणखी दिवे, तिच्या कपाळावरून घाम नाकावर, नाकावरून बादलीत. तो थेंब पडला ते त्याला इतकं पसंत पडलं, की तो जिभेनं टकटक वाजवत हसला.

उन्हं कलल्यावर शालूबाई खळखळून तोंड धुऊन आली, इरकली नेसली. आता खरी धार. तिनं कास कोमट पाण्यानं धुतली, कोरड्या फडक्यानं पुसली, पहिल्या पिळा बाजूला टाकल्या, आणि मग मुठीनं, एका लयीत, चरवी फेसानं भरली. चंद्री डोळे मिटून रवंथ करत उभी. क्रांतीचं लक्ष पेटीवरच्या दिव्याकडं गेलं. सकाळपासून एक बारका तांबडा दिवा तिथं लागलेला असायचा. आता तो लागलेला नव्हता.

तिनं विचारलं. “ताई, बॅटरी वाचवायची सिस्टीम असते ती,” अमरेश म्हणाला, आणि तिच्याकडं न बघता पेटी पुसायला लागला.

टीव्ही पंधरा ऑगस्टला आला. स्वातंत्र्याला पन्नास वर्षं झाली म्हणून तोरणं बांधलेली होतीच, त्यातच नारळ फुटला. झालरीचं कापड गुरुजींनी स्वतः ओढून काढलं. कॅसेट लागली श्रावणात, एका शनिवारी. बायकांना बोलावणं नव्हतं. शिकवायचं पोरांना होतं. क्रांतीला तेव्हा दिवस गेले होते, ओकाऱ्यांनी जीव नको झालेला. तरी तेजूचा डबा राहिला असं निमित्त करून ती गेली आणि खिडकीच्या गजांना धरून उभी राहिली.

आधी आकाश, डोंगर, बासरी. मग जाडा आवाज म्हणाला, हे पहिलं घर. शेणाचा चिखल आला. फुटकी बादली आली. बोटं आली, बुडवलेली. काळे दात सगळ्या पडद्याएवढे आले. नाकावरचा थेंब सावकाश पडला, तो खास सावकाश पाडला होता. वर्गात हशा उठला. आवाज सांगत होता, अज्ञान, आळस आणि अस्वच्छता. मग दुसरं घर आलं, पिराजीची फरशी आली, पिराजीची सून नथ घालून धार काढत होती. ती बाई माहेरी दुकानदाराची, म्हशीला भिते, तिच्या मागं वाकून दुसऱ्याच कुणीतरी सड धरलेले हे गावातल्या कुणालाही दिसलं असतं. पोरं मात्र पुस्तकात दाखवल्यासारखी मान डोलवत होती. मग गाणं लागलं आणि संपलं. शालूबाईची खरी धार कुठंच नव्हती.

गुरुजींनी टीव्ही बंद केला आणि हातात छडी घेऊन विचारलं, पहिल्या घरातल्या आजीनं कोणकोणत्या चुका केल्या? हात वर झाले. कुणी म्हणालं शेण, कुणी म्हणालं शेंबूड. मग गुरुजींची नजर फिरली.

“तेजस्विनी, तू सांग. तुझ्याच घरातलं हाय की.”

तेजू उठली. क्रांतीला वाटलं, पोर आता रडेल. तिनं गज घट्ट धरले. तेजू हाताची घडी घालून, छाती पुढं काढून, कविता म्हणावी तशी म्हणाली, “हात धुतले नाहीत. कास धुतली नाही. बोटं दुधात बुडवली. मिश्री लावली. घाम पाडला.” एकही चूक राहिली नाही. गुरुजींनी टाळ्या वाजवायला लावल्या.

त्या संध्याकाळी शालूबाईनं नेहमीसारखा दुधाचा पेला तेजूपुढं ठेवला. तेजूनं पेल्याकडं बघितलं, मग आजीच्या हातांकडं बघितलं.

“तू हात धुतलास?” तिनं विचारलं.

“धुतलं की.”

“दाव.”

शालूबाईनं दाखवले. दोन्ही तळवे, नातीपुढं, उताणे. तेजूनं बघितले आणि तरी पेला सारला. क्रांतीनं तिला पाठीत धपाटा घातला. शालूबाई म्हणाली, मारू नगंस, शाळंत शिकवल्यालं सांगतंय पोर. ते दूध मांजराला घातलं.

तिथून पुढं जे झालं ते कुणी मुद्दाम केलं नाही, आणि म्हणून कुणाला त्याची लाजही वाटली नाही. संस्थेत सगळ्यांचं दूध एकाच कॅनमध्ये ओततात. एका सकाळी धोंडुबाई म्हणाली, आमची पोरं ऐकंनात बाई, शालूबाईचं दूध ह्याच कॅनात पडतंय म्हणत्यात. दुसऱ्या दिवशी आणखी कुणी म्हणालं. फॅट काढायची नळी धैर्यशीलच्याच हातात होती. आईच्या हातच्या दुधाचं फॅट गावात सगळ्यात वर, वास नाही, नासणं नाही, हे त्याच्याएवढं कुणाला ठाऊक होतं? तो ते बोलला नाही. घरी येऊन बायकोला म्हणाला, तू घालत जा दूध, आईला पाठवू नको काही दिवस. तोंडानं सांगायला पाच शब्द लागले असते. त्याऐवजी त्यानं पोटुशी बायको कॅन घेऊन पाठवली.

दुधाचे कॅन परत येतच होते. टेम्पो हॉटेलापुढं उभा राहतच होता.

पोरांनी खेळ काढला. एकानं चूक-आजी व्हायचं, दातांना कोळसा लावायचा आणि बाकीच्यांना शिवत सुटायचं. ज्याला शिवलं तो बाटला. शालूबाई रस्त्यानं जाताना खेळ थांबायचा आणि ती गेली की जास्तच जोरात सुरू व्हायचा. कॅसेट आता तालुक्याबाहेर फिरत होती. पेठ वडगावच्या सोमवारच्या बाजाराला शालूबाई क्रांतीला घेऊन गेली, एक रेडी बघायला. बाजारात कोण कुणाला ओळखतं? पण एका हिरव्या गणवेशातल्या पोरीनं आईचा पदर ओढला आणि बोट केलं. त्या आईनं, चांगल्या घरच्या, खांद्याला पर्स लावलेल्या बाईनं, शालूबाईला जवळ बोलावून प्रेमानं विचारलं, “आजी, आता तरी हात धुता ना?”

शालूबाईनं रेडी घेतली नाही. एस्टीत बसल्यावर तिनं दोन्ही हात पदराखाली घेतले, ते घरी येईपर्यंत काढले नाहीत.

क्रांती दुसऱ्याच आठवड्यात राजारामपुरीत गेली. अमरेशचं ऑफिस एका शिकवणीच्या वर्गावर होतं, जिना चढताना तिला दम लागला. त्यानं ओळखलं, खुर्ची दिली, थंड मागवलं. भिंतीवर फ्रेम लावली होती, कुठल्याशा महोत्सवात फिल्मला उत्तेजनार्थ बक्षीस मिळालेलं.

“आजींमुळं मिळालं हे,” तो मनापासून म्हणाला. “काय नॅचरल केलंय त्यांनी. दुसऱ्या घराचं कुणाच्या लक्षातपण राहत नाही.”

क्रांतीनं शांतपणे सांगितलं, की गावात काय चाललंय. खरी धार त्यात घाला, नाहीतर निदान पाटी लावा की हा अभिनय आहे. तो म्हणाला, ताई, त्याचं शूटिंगच नाही. टेप संपत आली होती, म्हाताऱ्या माणसाचं मन राखलं. आणि कॅसेटी आता शाळाशाळांत गेल्यात, पाटी कुठं कुठं लावू? शिवाय पाटी लावली तर पोरांवर परिणाम होणार नाही. शिक्षणात काँट्रास्ट लागतो.

“मग तुमच्या आईला बसवायचं होतं,” क्रांती म्हणाली.

तो रागावला नाही, उलट हसला. “माझी आई धार काढत नाही हो, ताई.”

क्रांतीनं थंड प्यायलं नाही. जिना उतरताना तिला वाटलं, ह्याला शिवी दिली असती तर ती त्यानं जपून ठेवली असती, कुठंतरी वापरायला.

गुरुजींना तिनं शाळेतच गाठलं. म्हणाली, सासूबाईंना शाळेच्या पटांगणात बोलवा, म्हैस आणतो, पोरांपुढं धार काढू दे. फुकट शिकवण आहे. गुरुजी म्हणाले, टाइमटेबलात बसत नाही. मग आवाज खाली आणून, “पोरी, पोरांच्या डोक्यात एकदा पक्कं बसलंय. आता त्यांना घोळात कशाला घालायचं? परीक्षेला येतंय त्ये.”

घरी हे कळल्यावर शालूबाई म्हणाली, कशाला गेलतीस? मी माझं हात दावत हिंडू व्हय घराघरांनी?

तिला अजून पाडव्याची आशा होती. चंद्रीला रोज ओढ्यावर नेऊन पळवत होती, हाक देऊन थांबवत होती. मोरपिसं पेटीतून काढून वाऱ्याला लावली होती. पाडव्याच्या आदल्या दिवशी पिराजी आला. सोप्यात बसला, सुपारी कातरली, पाऊसपाण्याचं बोलला. मग म्हणाला, यंदा संघाचे साहेब येणार हाईत मिरवणूक बघायला, शाळांची पोरं बी हाईत, तर काय हाय, पोरं हसतील, तुमालाच वंगाळ वाटंल. यंदापुरती आमची म्हस म्होरं जाऊ दे. तुमची मागनं येऊ दे की. मान काय कुठं पळून जातोय?

धैर्यशील उंबऱ्यात होता. त्यानं मान हलवली. नाही म्हणून नाही, हो म्हणूनही नाही, नुसती हलवली.

पाडव्याला सकाळी गावात हलग्या वाजायला लागल्या तेव्हा चंद्रीची शिंगं कोरीच होती. शालूबाईनं तिचं दावं सोडलं, डोक्यावर बोचकं घेतलं आणि मिरवणुकीच्या उलट्या अंगानं, ओढ्यातून, वरच्या रानाची वाट धरली. हाक मारली नाही. चंद्री मागून गेली, तिच्या मागून रेडकू.

वरचं रान म्हणजे जंगलाच्या कडेचा नाचणीचा तुकडा आणि एक खोप. पहिल्यांदा गावाला वाटलं, दोन दिवसांत येईल. धैर्यशील अजून म्हणतो, आपणहून गेली, आपणहून येईल. क्रांती दर बाजारी पीठमीठ घेऊन वर जायची, पोट वाढल्यावरसुद्धा. शालूबाई बरी होती. चुलीजवळ चरवी असायची, तिच्यातून ती क्रांतीला पेलाभर दूध द्यायची आणि पिऊन होईपर्यंत उभी राहायची. बाकीचं दूध धनगरवाड्यावरची माणसं न्यायची. त्यांच्या पोरांना शाळा नव्हती, म्हणून बरं होतं.

एकदा क्रांतीनं तेजूला नेलं. वाटेत बजावलं होतं, पढवलं होतं. तेजूनं पेला हातात घेतला, ओठाला लावला. पण त्याआधी तिनं एकदा, चोरून, आजीच्या नखांकडं बघितलं. आजीनं ते बघितलं. क्रांती निघाली तेव्हा शालूबाई तिला बांधापर्यंत सोडायला आली आणि म्हणाली, “हिला आनू नगंस पुन्यांदा.”

फाल्गुनात क्रांती बाळंत झाली. मुलगा अशक्त, दूध ओढेना, रात्रंदिवस उशापायथ्याशी बसून राहावं लागायचं. नातवाला बघायला शालूबाई खाली आली नाही. धनगराच्या हाती तूप पाठवलं. मिरगापासून पाऊस लागला तो त्या भागात लागतो तसाच, उघडीप नाही. ओढा दोन्ही थड्या धरून चाललाय. तान्हं पोर घेऊन क्रांतीला उतार नाही, आणि धैर्यशीलला संस्थेतून सवड नाही. तूप यायचं थांबलं आहे.

आणि यंदा धनगरवाड्यावर शाळा निघाली. पावसाच्या आधीच संघाची गाडी वर जाऊन आली म्हणतात, स्वतःचा जनरेटर घेऊन, वीज नसली तरी चालतं. पोरांनी पहिल्यांदाच पडदा बघितला. खूप हसली म्हणे. आपल्या ओळखीची आजी त्यात आहे, ह्याचा त्यांना फार आनंद झाला.

तेव्हापासून क्रांती दारावरून जाणाऱ्या प्रत्येकाला थांबवते. औषधाचे, विम्याचे, जंगलखात्याचे, कुणीही असोत. कडेवर पोर, डोळे त्याच्या छातीच्या भात्यावर, आणि तोंडानं तेच. तुम्ही वाचताय, तुम्हालाही ती तेच सांगेल.

“पाव्हणं, राधानगरीकडं जाणार असाल तर फाट्यावर उतरा. ओढ्याला वरच्या अंगानं पूल आहे, लांबून पडतो, पण आहे. जंगलाच्या कडेला खोप दिसेल. आत माणूस आहे का, तेवढं बघा. असेल तर ती दूध पुढं करेल. हातांकडं बघू नका तिच्या. प्या.”